श्रीरंगमजवळचे फुलपाखरू उद्यान : एक परीक्षण

तिरुचिरापल्लीकडे जाणारा मराठी प्रवासी बहुधा श्रीरंगमच्या रंगनाथाच्या दर्शनासाठी जातो, किंवा तंजावरच्या बृहदीश्वर मंदिरात सरफोजीराजांनी कोरून घेतलेला भोसले घराण्याचा प्रदीर्घ मराठी शिलालेख पाहायला निघालेला असतो आणि त्या निमित्ताने त्रिचीत मुक्काम करतो. श्रीरंगमपासून काही किलोमीटरवर, कावेरी आणि कोळ्ळिडम या दोन प्रवाहांमधल्या जमिनीवर, तमिळनाडूच्या वनखात्याने उभारलेले उष्णकटिबंधीय फुलपाखरू उद्यान आहे. २०१५ साली ते लोकांसाठी खुले झाले. सुमारे २५ एकरांचा हा परिसर आशियातल्या मोठ्या फुलपाखरू उद्यानांमध्ये गणला जातो आणि येथे १०० हून अधिक जातींच्या फुलपाखरांची नोंद झालेली आहे. तरीही आपल्याकडच्या सहलींच्या कार्यक्रमपत्रिकेत त्याला सहसा जागा मिळत नाही, आणि मिळालीच तर मुलांना पाय मोकळे करायला अर्धा तास, एवढीच. या उद्यानाची योग्यता त्याहून पुष्कळ अधिक आहे. मात्र ती कळण्यासाठी तेथे नेमके काय पाहायचे, हे आधी ठाऊक असावे लागते.

पोहोचणे अवघड नाही. मेलूर गावाच्या बाजूला अप्पर ॲनिकट राखीव वनाच्या हद्दीत हे उद्यान आहे. श्रीरंगमहून रिक्षा मिळते, ‘बटरफ्लाय पार्क’ एवढे सांगितले की रिक्षावाल्याला पत्ता कळतो, आणि परतीच्या प्रवासासाठी त्यालाच थांबवून घेणे सोयीचे पडते, कारण उद्यानाबाहेर वर्दळ बेताचीच असते. प्रवेशशुल्क सरकारी बागेला शोभेल असे, म्हणजे नाममात्र आहे. साप्ताहिक सुट्टीचा वार आणि वेळा निवासस्थानी आधी विचारून घ्याव्यात आणि दरवाजा उघडताच आत जाता येईल असा बेत करावा. सकाळच्या वेळेबद्दलचा हा आग्रह केवळ उन्हापासून बचाव व्हावा म्हणून नाही. त्यामागचे कारण पुढे येईल.

फुलपाखरांच्या जागेची परीक्षा कशी करायची, हा प्रश्न या परीक्षणाच्या मुळाशी आहे. जगभर पर्यटकांना दाखवली जाणारी बहुतेक फुलपाखरूघरे बंदिस्त असतात. काचेच्या किंवा जाळीच्या छताखाली तापमान आणि दमटपणा राखलेला असतो, दुसरीकडे वाढवलेले कोश आणून आत ठेवलेले असतात, आणि आत पाऊल टाकताच भोवती शेकडो रंगीत पंख फडफडू लागतात. आपल्याकडे बंगळुरूजवळच्या बन्नेरघट्ट्यात २००६ साली सुरू झालेल्या उद्यानातही असा घुमट आहे, आणि ज्या मुलाने फुलपाखरू कधी जवळून पाहिलेलेच नाही, त्याच्यासाठी अशा घुमटाचे मोल मी कमी मानत नाही. परंतु एका पर्यटनस्थळी मी असेही एक फुलपाखरूघर पाहिले आहे, जिथे प्रवेशद्वारापाशी पाहुण्यांच्या बोटांवर छायाचित्रासाठी फुलपाखरे ठेवली जात होती आणि पायवाटेच्या कडेला पंख फाटलेली मेलेली फुलपाखरे पडलेली होती. आत अंडी घालण्याजोगे एकही झाड नव्हते. तिथे दिसणारी फुलपाखरांची प्रत्येक पिढी ही शेवटचीच पिढी होती. तेव्हापासून कोणत्याही फुलपाखरू उद्यानात गेले की मी आधी उडणाऱ्या पंखांकडे पाहत नाही, पानांकडे पाहते. पाने कुरतडलेली असतील तर ते उद्यान जिवंत आहे, असे समजते.

या कसोटीवर श्रीरंगमजवळचे उद्यान फार चांगले उतरते. येथे एक बंदिस्त विभाग आहे, अळ्या आणि कोश सांभाळण्याची प्रयोगशाळाही आहे, पण परिसराचा बहुतांश भाग उघडा आहे आणि तेथील फुलपाखरे आपल्या इच्छेने येतात व आपल्या इच्छेने जातात. त्यांना तेथे यावेसे वाटावे म्हणून दोन प्रकारच्या वनस्पती लावल्या आहेत. एक मकरंद देणाऱ्या, ज्यांच्यावर प्रौढ फुलपाखरू आपले पोट भरते. आणि दुसऱ्या खाद्यवनस्पती, ज्यांच्यावर मादी अंडी घालते आणि अळी पाने खाऊन वाढते. मकरंदाच्या बाबतीत फुलपाखरे फारशी चोखंदळ नसतात. झेंडू, झिनिया, घाणेरी, इक्झोरा, पेंटास यांपैकी जे फुललेले असेल त्यावर ती बसतात, आणि म्हणूनच कोणत्याही हौशी बागेत चार फुलपाखरे दिसतात. खाद्यवनस्पतीच्या बाबतीत मात्र त्यांचा कटाक्ष कमालीचा असतो. ठरावीक कुळातल्या ठरावीक वनस्पतीचे पान मिळाले नाही तर मादी अंडे घालत नाही, आणि चुकीच्या पानावर अंडे घातले गेलेच तर अळी उपाशी मरते. त्यामुळे फुलझाडे लावून फुलपाखरे बोलावता येतात, पण त्यांना राहते करायचे असेल तर लिंबू, कढीपत्ता, रुई, एरंड, बहावा, ईश्वरी, बांडगूळ अशा, बागेच्या सजावटीत कोणी सहसा न मोजणाऱ्या वनस्पती लागतात. कोणत्या पानावर कोणती अळी वाढते एवढे मनात ठेवून या उद्यानात फिरले, की तासाभराची चक्कर सहज अर्ध्या दिवसाची होते.

माझ्याबरोबर भाची होती. पहिल्या वळणावर तिने लिंबाच्या कोवळ्या फांदीकडे बोट दाखवून विचारले, “मावशी, या पानावर चिमणीने घाण केली आहे, तरी ते पान कोणी पुसत कसं नाही?” ती चिमणीची विष्ठा नव्हती, ती कॉमन मॉरमॉनच्या गटातल्या फुलपाखराची लहान अळी होती. या अळ्या सुरुवातीच्या अवस्थांमध्ये तपकिरी-पांढऱ्या असतात आणि पक्ष्याच्या विष्ठेसारख्या दिसतात, त्यामुळे पक्षी त्यांच्याकडे खाद्य म्हणून पाहत नाहीत. वाढल्यावर त्या पानासारख्या हिरव्या होतात. जवळ काम करणाऱ्या वनखात्याच्या माळ्याने आमचे कुतूहल पाहून शेजारच्या फांदीवरची एक मोठी, हिरवी अळी दाखवली आणि गवताच्या काडीने तिला अगदी हलकेच डिवचले. तिने डोक्यामागून लालसर रंगाचे दुभंगलेले, ओलसर शिंग बाहेर काढले आणि आंबट, उग्र वास पसरला. मुंग्या आणि परजीवी कीटक यांना पळवून लावण्याचे हे तिचे साधन आहे. माळी तमिळमध्ये आणि आम्ही खुणांनी बोलत होतो, पण भाचीला जे कळायचे ते पुरते कळले.

कॉमन मॉरमॉन हे फुलपाखरू मुंबई-पुण्याच्या गॅलरीतल्या कढीपत्त्याच्या कुंडीवरही अंडी घालते, म्हणून त्याला आपण सामान्य समजतो. पण या उद्यानात त्याच्यापाशी सर्वाधिक वेळ थांबावे, असे मी सुचवीन, कारण त्याची गोष्ट उलगडायला लागणारी सारी पात्रे येथे एकाच वाटेवर भेटू शकतात. नर काळा असतो आणि त्याच्या मागच्या पंखांवर पांढऱ्या ठिपक्यांची माळ असते. मादी मात्र तीन रूपांत आढळते. एक रूप नरासारखेच असते. दुसरे कॉमन रोझ या फुलपाखरासारखे, आणि तिसरे क्रिमझन रोझसारखे, इतके की उडताना भल्याभल्यांची फसगत होते. या दोन्ही रोझ जातींच्या अळ्या ईश्वरीच्या वेलीवर वाढतात, त्या वेलीतील विषारी द्रव्ये अंगात साठवतात आणि प्रौढ झाल्यावरही पक्ष्यांना चवीला नकोशा ठरतात. मॉरमॉनची मादी स्वतः विषारी नसते. ती केवळ विषारी जातीचे रूप घेते आणि त्या रूपाच्या आडोशाला सुरक्षित राहते. उद्यानात ईश्वरीची वेल आणि लिंबाची झाडे दोन्ही असल्यामुळे अस्सल आणि नकल एकाच सकाळी पाहण्याची संधी मिळते. ओळखण्याची सोपी खूण अशी की रोझ फुलपाखरांचे शरीर लाल असते आणि मॉरमॉनच्या मादीचे काळे.

या रूपबदलामागे नेमके काय आहे, हे २०१४ साली कळले, आणि त्या संशोधनाचे प्रमुख लेखक कृष्णमेघ कुंटे हे पुण्यात शिकलेले, सध्या बंगळुरूच्या एनसीबीएस (नॅशनल सेंटर फॉर बायॉलॉजिकल सायन्सेस) या संशोधन संस्थेत काम करणारे शास्त्रज्ञ आहेत, याचा मला मनापासून अभिमान वाटतो. इतकी गुंतागुंतीची नकल म्हणजे एकमेकांना चिकटून असलेल्या अनेक जनुकांचे काम असणार, असा पूर्वी समज होता. प्रत्यक्षात ‘डबलसेक्स’ हे एकच जनुक, जे कीटकांमध्ये नर-मादीचे भेद घडवण्यासाठी आधीपासून ओळखले जात होते, तेच मॉरमॉनच्या मादीचे रूप ठरवते, असे त्यांच्या गटाला आढळले. गॅलरीतल्या कढीपत्त्यावर येणाऱ्या फुलपाखराने उत्क्रांतीशास्त्रातला एक जुना वाद निकाली काढायला मदत केली, हे भाचीला सांगितल्यावर तिने त्या काळ्या मादीकडे ज्या आदराने पाहिले, तो आदर त्या मादीला योग्यच आहे.

रुईच्या झुडपांपाशी असाच दुसरा धडा मिळतो. प्लेन टायगर हे पिवळट-केशरी फुलपाखरू रुईवर अंडी घालते. रुईच्या चिकात हृदयावर परिणाम करणारी विषारी द्रव्ये असतात, ती अळीच्या अंगात उतरतात आणि पक्षी एकदा चव घेतल्यावर पुन्हा त्या रंगाच्या वाटेला जात नाहीत. त्यामुळे प्लेन टायगर निवांत, संथ, जमिनीपासून थोड्याच उंचीवर उडते; त्याला घाई नसते. डॅनाइड एगफ्लाय या जातीची मादी त्याचीच नकल करते, तर तिचा नर मात्र काळा आणि पांढऱ्या-निळसर ठिपक्यांचा असतो. तिच्या अळ्या वाढतात ती घोळाची भाजी आपल्या परसात आपोआप उगवते. या उद्यानात फिरताना मला वारंवार जाणवले की ज्या वनस्पतींना आपण तण, जंगली, निरुपयोगी म्हणून उपटतो, त्यांतल्या कित्येक येथे मुद्दाम राखलेल्या आहेत, आणि याच राखण्यात या बागेची खरी मेहनत आहे.

खुळखुळा आणि हेलिओट्रोप यांच्या सुकलेल्या किंवा जखम झालेल्या फांद्यांवर नर फुलपाखरांची गर्दी दिसली, तर ती मकरंदासाठी नाही हे लक्षात घ्यावे. टायगर आणि क्रो गटातले नर तेथून काही अल्कलॉइड द्रव्ये चोखून घेतात आणि त्यांपासून मादीला आकर्षित करणारे गंध तयार करतात. ब्लू टायगर, डार्क ब्लू टायगर, कॉमन क्रो आणि डबल-ब्रँडेड क्रो ही फुलपाखरे दक्षिण भारतात स्थलांतरही करतात. नैऋत्य मोसमी पावसाच्या आधी ती मोठ्या संख्येने पश्चिम घाटाकडून पूर्वेच्या मैदानांकडे सरकतात आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या सुमारास परत घाटाकडे वळतात. या स्थलांतरातील जातींचे प्रमाण, नर-मादींचे प्रमाण आणि प्रवासाच्या दिशा यांचा अभ्यासही कुंटे यांनी केला आहे. कावेरीच्या खोऱ्यातल्या या बागेत दिसणारा एखादा निळा टायगर कदाचित घाटाच्या वाटेवरचा प्रवासी असेल, हे मनात आले की समोरच्या झुडपाकडे आपण वेगळ्या नजरेने पाहू लागतो.

उद्यानात नक्षत्रवन आणि राशीवन असे दोन विभाग आहेत. अनेक लोक ते केवळ धार्मिक हौस म्हणून ओलांडून जातात, आणि मीही प्रथम तेथे थांबण्याचे प्रयोजन काय, असा विचार केला होता. परंतु आपल्याकडच्या परंपरेतील नक्षत्रांचे आराध्यवृक्ष आठवून पाहा. श्रवणाची रुई प्लेन टायगरची खाद्यवनस्पती आहे. चित्रेच्या बेलावर लाइम बटरफ्लायच्या अळ्या वाढतात. मघेचा वड, पुष्याचा पिंपळ आणि कृत्तिकेचा उंबर या तिन्ही वृक्षांवर कॉमन क्रो, म्हणजे आपल्याकडे हबशी म्हणून ओळखले जाणारे काळसर तपकिरी फुलपाखरू, अंडी घालते. नक्षत्रवन कोणी कोणत्याही भावनेने लावो, त्यातील वृक्ष फुलपाखरांच्या कामी येतात. आपल्या गावच्या देवराईत किंवा देवळाच्या आवारात असे वन लावण्याचा विचार असणाऱ्यांनी हा विभाग सावकाश पाहावा.

बंदिस्त विभाग आणि प्रयोगशाळा यांच्याबद्दल थोडक्यात सांगते. ज्यांना कोश जवळून पाहायचे आहेत, त्यांच्यासाठी तेथील वेळ सार्थकी लागतो. कोशातून नुकतेच बाहेर पडलेले फुलपाखरू दिसण्याचे भाग्य लाभले, तर तेथून हलू नये. पंख प्रथम ओले आणि चुरगळलेले असतात. पोटातील द्रव शिरांमध्ये ढकलून ते फुलपाखरू पंख हळूहळू ताणते आणि ते वाळून ताठ होईपर्यंत लटकून राहते. या काळात त्याला धक्का लागला तर पंख कायमचे वाकडे होतात आणि ते कधीच उडू शकत नाही. म्हणून मुलांना मदत करण्याचा मोह होतो तेव्हा त्यांना प्रेमाने आवरावे. उडणाऱ्या फुलपाखराचे पंख चिमटीत धरण्याबाबतही हेच सांगावेसे वाटते; बोटांना लागणारी पूड ही पंखांवरची खवले असतात आणि ती पुन्हा उगवत नाहीत. अनेक जातींना वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ चे संरक्षण आहे, ही गोष्ट वेगळी. कायदा नसता तरी हात आवरणे आवश्यकच होते.

आता ऋतू आणि वेळ. त्रिचीचा एप्रिल ते जूनचा काळ अत्यंत कडक उन्हाचा असतो. तापमान चाळिशीला टेकते. या काळात केवळ फुलपाखरांसाठी जाऊ नये. या भागाला मुख्य पाऊस ईशान्य मोसमी वाऱ्यांचा, म्हणजे ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये मिळतो. पहिल्या सरींनंतर वनस्पतींना कोवळी पालवी फुटते, अळ्यांना अन्न मिळते आणि काही आठवड्यांत फुलपाखरांची नवी पिढी बाहेर पडते. उष्ण प्रदेशात अंड्यापासून प्रौढ फुलपाखरापर्यंतचा प्रवास अनेक जातींमध्ये महिन्याभराच्या आत पुरा होतो, त्यामुळे पावसाचा परिणाम फार लवकर दिसतो. पावसाने उघडीप दिल्यानंतरचे लख्ख दिवस, आणि डिसेंबर-जानेवारीतली सौम्य हवा, हा माझ्या मते सर्वोत्तम काळ आहे. मात्र आभाळ दाटून आलेल्या दिवशी गेल्यास निराशा पदरी पडेल, कारण फुलपाखरांना उडण्यासाठी अंग उन्हात तापवावे लागते, आणि ऊन नसेल तर ती पानांखाली दडून बसतात. सकाळचा आग्रह याचसाठी. कोवळ्या उन्हात ती पंख पसरून बसलेली असतात, तेव्हा त्यांची छायाचित्रे उत्तम येतात आणि त्यांच्या पंखांची नक्षी निवांत पाहता येते. ऊन चढल्यावर ती चपळ होतात, आणि भर दुपारी सावलीत जातात. शनिवार-रविवारच्या दुपारी येथे कुटुंबे मुलांना घेऊन येतात. सार्वजनिक बागेचा तो हक्काचा आणि आनंदाचा उपयोग आहे, पण ज्याला अळ्या शोधायच्या आहेत, त्याने आठवड्याच्या मधला दिवस निवडावा.

उद्यानाची तुलना करायची झाल्यास मला ठाण्याच्या घोडबंदर रस्त्यावरील ओवळेकर वाडी आठवते. शाळेत शिकवणाऱ्या राजेंद्र ओवळेकर यांनी आपल्या कौटुंबिक जमिनीवर जाळी न लावता, खाद्यवनस्पती आणि मकरंदाच्या वनस्पती लावून ती बाग उभी केली आणि ती रविवारी सकाळी लोकांना दाखवली जाते. जागा लहान असली तरी तेथे माणूस प्रत्येक झाडामागचे कारण सांगायला हजर असतो, आणि हे बळ फार मोठे आहे. श्रीरंगमजवळ क्षेत्र अनेक पटींनी मोठे आहे, नदीकाठचा ओलावा आहे, वनखात्याची माणसे आणि साधने आहेत. पण प्रवाशाने तयारी स्वतःची करून जावे. माझा सल्ला असा की तेथे जाण्यापूर्वी दहा-बारा जातींची चित्रे पाहून ठेवावीत: कॉमन मॉरमॉन, दोन्ही रोझ, लाइम, टेल्ड जे, प्लेन आणि ब्लू टायगर, कॉमन क्रो, कॉमन एमिग्रंट, टॉनी कोस्टर, लेमन पॅन्सी, आणि झाडांच्या शेंड्यांवर उंच फिरणारे, मागच्या पंखांखाली पिवळी-तांबडी नक्षी मिरवणारे कॉमन जेझबेल, ज्याला मराठीत हळदीकुंकू हे फार देखणे नाव मिळाले आहे. एवढी ओळख असली की उद्यान आपल्याशी बोलू लागते. जवळून लक्ष केंद्रित करणारी दुर्बीण असेल तर अवश्य न्यावी. उंच उडणारे हळदीकुंकू तिच्याशिवाय नीट दिसत नाही.

येथे तमिळनाडूचे राज्य फुलपाखरू दिसेल, ही एक अपेक्षा मनातून काढून जावे. महाराष्ट्राने २०१५ साली, म्हणजे हे उद्यान खुले झाले त्याच वर्षी, ब्लू मॉरमॉनला राज्य फुलपाखराचा मान दिला, आणि असा मान देणारे ते देशातील पहिले राज्य ठरले. आपण त्याला निलवंत म्हणतो. तमिळनाडूने २०१९ साली तमिळ योमन या केशरी फुलपाखराची निवड केली. हे फुलपाखरू डोंगरातल्या दमट जंगलांचे आहे, कावेरीच्या मैदानाचे नाही. राज्य फुलपाखरू पाहायचेच असेल, तर त्यासाठी पश्चिम घाटाच्या बाजूला वेगळा प्रवास करावा. या उद्यानाकडून दुर्मिळ जातींची अपेक्षा ठेवणाऱ्याला ते साधे वाटेल. येथील श्रीमंती परिचित जातींची आहे. ज्या जाती आपल्या अंगणात, रस्त्याच्या कडेला, कॉलनीतल्या आसुपालवावर असतात आणि आपण त्यांचे आयुष्य कधीच पाहिलेले नसते, त्यांचे अंडे, अळी, कोश, पंख आणि शत्रू, सारे एका फेरीत पाहायला मिळणे ही गोष्ट मला कोणत्याही दुर्मिळ दर्शनापेक्षा मोलाची वाटते. आसुपालवाच्या पानावर टेल्ड जेचे अंडे एकदा दिसले, की पुण्यातल्या सोसायटीच्या कुंपणालगतची ती उंच झाडे आपण पूर्वीसारखी दुर्लक्षित ठेवू शकत नाही.

लहान मुलांना, ज्येष्ठांना आणि छायाचित्रणाची आवड असणाऱ्यांना हे उद्यान मी निःसंकोच सुचवीन. ज्येष्ठांनी पाणी आणि टोपी बरोबर ठेवावी, कारण २५ एकरांत चालणे होते. ज्यांच्याकडे केवळ अर्धा तास आहे, त्यांनी सगळे पाहण्याचा हट्ट धरू नये; लिंबू, ईश्वरी आणि रुई या तीन वनस्पतींपाशी थांबावे आणि परत फिरावे. ज्यांच्याकडे पूर्ण दिवस आहे, त्यांनी सकाळ उद्यानात घालवून दुपारनंतर मुक्कोंबूला जावे. कावेरीचा प्रवाह जिथे दुभंगतो, तेथे एकोणिसाव्या शतकात ब्रिटिश अभियंते आर्थर कॉटन यांच्या देखरेखीखाली अप्पर ॲनिकट हा बंधारा बांधला गेला. पाणी ओसरलेले असेल आणि ऊन असेल, तर काठच्या ओल्या वाळूवर नर फुलपाखरांचे थवे बसलेले दिसण्याची शक्यता असते. ती तेथे पाणी पिण्यासाठी म्हणून बसत नाहीत. मातीतले क्षार, विशेषतः सोडियम, शोषून घेतात, कारण मकरंदात ते पुरेसे नसते, आणि पुढे मीलनाच्या वेळी नर ते मादीला देतो. उद्यानात पाहिलेले एमिग्रंट आणि टेल्ड जे तिथे पुन्हा भेटण्याची शक्यता आहे, तेव्हा दुर्बीण पिशवीत ठेवू नये.